काळ्या कातळाचे बेट

बंगळूरच्या लालबागेत एक बोडका खडक आहे. त्याच्या माथ्यावर केंपेगौडाच्या नावाने ओळखला जाणारा लहानसा मनोरा उभा आहे. सायंकाळी शेकडो माणसे या खडकावर वारा खात बसतात. आपण कशावर बसलो आहोत याची जाणीव त्यांतील फार थोड्यांना असेल. हा खडक सुमारे ३०० कोटी वर्षांचा आहे. पृथ्वीच्या पाठीवर उघड्यावर दिसणाऱ्या अतिप्राचीन खडकांत त्याची गणना होते आणि राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक म्हणून त्याची नोंद आहे.

मुंबईपासून साडेचार हजार किलोमीटरांहून अधिक दूर, हिंदी महासागराच्या नैर्ऋत्येस, मॉरिशस नावाचे एक बेट आहे. आकाराने ते गोव्याच्या साधारण निम्मे भरेल. २०१७ साली शास्त्रज्ञांनी या बेटावरील लाव्हाच्या खडकात झिरकॉन या खनिजाचे सूक्ष्म कण सापडल्याचे जाहीर केले. तो लाव्हा अवघ्या ५७ लाख वर्षांपूर्वीचा होता, परंतु त्यातील काही कणांचे वय निघाले सुमारे ३०० कोटी वर्षे. तरुण खडकाच्या पोटात इतके वृद्ध कण आले कोठून? शास्त्रज्ञांचे उत्तर असे, की भारत आणि मादागास्कर एकमेकांस जोडलेले असताना त्यांच्या दरम्यान असलेला भूखंडाचा एक तुकडा मॉरिशसच्या तळाशी गाडला गेला आहे. वर येणाऱ्या लाव्हाने त्याचे काही कण आपल्याबरोबर उचलून आणले. म्हणजे या बेटाचा आपल्या भूमीशी असलेला संबंध माणसाने जोडलेला नाही. तो माणसाच्या कितीतरी आधीचा आहे.

हा संबंध महाराष्ट्राच्या दृष्टीने अधिकच निकटचा आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी पृथ्वीच्या पोटातील एका तप्त स्रोतावरून भारताचा भूखंड उत्तरेकडे सरकत होता. त्या वेळी भूपृष्ठाला भेगा पडून लाव्हाचे थरावर थर पसरले. ज्याला आपण दख्खनचे पठार म्हणतो, ज्यात अजिंठा-वेरूळची लेणी कोरली गेली आणि ज्यावर रायगड-राजगड उभे राहिले, तो काळा कातळ त्या अग्नीतून घडला. भारत पुढे निघून गेला, परंतु ती भट्टी विझली नाही. तिच्यावरून समुद्रतळ सरकत राहिला आणि लक्षद्वीप, मालदीव, चागोस अशी बुडालेल्या पर्वतांची एक रांग तिच्या मागे पडली. सुमारे ८० ते ९० लाख वर्षांपूर्वी याच अग्नीने मॉरिशसला समुद्रातून वर काढले. आज ती भट्टी शेजारच्या रेयुनियाँ बेटाखाली आहे आणि तेथील ज्वालामुखी अजूनही मधूनमधून लाव्हा ओकतो. सह्याद्री हे या कुळातील थोरले अपत्य, मॉरिशस धाकटे.

असे हे बेट लक्षावधी वर्षे माणसावाचून नांदले. पाऊस पडला, कातळ झिजला, भोवती प्रवाळांनी भिंत बांधली. वाऱ्याबरोबर, लाटांबरोबर, पक्ष्यांच्या पोटातून बिया आल्या आणि डोंगरउतारांवर अबनुसाचे अरण्य माजले. जमिनीवर चालणारा एकही सस्तन प्राणी येथवर पोहोचू शकला नाही. जे सस्तन प्राणी आले ते उडत आले, म्हणजे वटवाघळे. भूमीवर राज्य होते महाकाय कासवांचे आणि पक्ष्यांचे. पाठलाग करणारा शत्रूच नसल्यामुळे काही पक्ष्यांची उडण्याची शक्ती पिढ्यानपिढ्या क्षीण होत गेली. कबुतराच्या कुळातील एक पक्षी तर वाढत वाढत इतका जड झाला, की त्याचे पंख केवळ नावापुरते उरले. तोच डोडो.

अरबी दर्यावर्दींना या बेटाचा ठावठिकाणा माहीत होता. १५०२ सालच्या एका पोर्तुगीज नकाशात त्याचे अरबी नाव आढळते. पोर्तुगीज आले आणि गेले. १५९८ साली डच गलबते येथे लागली व त्यांनी आपला राजपुत्र मॉरिस याचे नाव बेटाला दिले. मात्र प्रत्यक्ष वसाहत त्यांनी केली १६३८ साली. दख्खनच्या इतिहासात हे वर्ष दुसऱ्या एका कारणाने ध्यानात राहते. त्याच साली विजापूरच्या रणदुल्लाखानाने केंपेगौडाकडून बंगळूर घेतले आणि ते शहाजीराजांच्या हाती सोपविले. एका बाजूला मराठ्यांचे एक घराणे कर्नाटकाच्या पठारावर पाय रोवत होते, तर दुसऱ्या बाजूला युरोपातील एक व्यापारी कंपनी मनुष्यवस्ती कधीच नसलेल्या बेटावर पहिली झोपडी उभारीत होती. या दोन घटनांचा एकमेकींशी काही संबंध नव्हता. परंतु पुढे जी कहाणी घडली तीत बंगळूरच्या सत्ताधीशांनाही स्थान मिळावयाचे होते आणि मराठी माणसांनाही.

डचांनी अबनूस तोडला. त्यांनी जावा बेटातून हरणे आणली, ऊस आणला. त्यांच्या व त्यांच्या आधी आलेल्यांच्या जहाजांतून उंदीर, डुकरे आणि माकडे उतरली. डोडोला माणसाची भीती ठाऊक नव्हती. तो जवळ येई आणि मारला जाई. तरीही माणसाच्या सोट्यापेक्षा त्याचा अधिक घात केला तो या नव्या जनावरांनी. डोडोचे घरटे जमिनीवर असे, आणि डुकरांना व माकडांना ती अंडी आयतीच सापडत. डोडो भारतातही येऊन गेला होता. पीटर मंडी या इंग्रज प्रवाशाने सुरतेस दोन डोडो पाहिल्याची नोंद केली आहे. जहांगीराच्या दरबारातील उस्ताद मन्सूर याच्या नावावर असलेले डोडोचे एक रंगीत चित्रही उपलब्ध असून, जिवंत पक्षी समोर ठेवून काढलेल्या थोड्या चित्रांत त्याची गणना होते. पुढे १६६४ साली शिवाजीमहाराजांनी ज्या सुरतेवर स्वारी केली, तीच ही सुरत. डोडो पाहिल्याची शेवटची विश्वसनीय नोंद त्याच्या दोन वर्षे आधीची, म्हणजे १६६२ ची आहे. डचांची वसाहत उभी राहून पुरती पंचवीस वर्षेही लोटली नव्हती. १७१० साली डच हे बेट सोडून निघून गेले. त्यांनी सोडलेले उंदीर मात्र गेले नाहीत.

१७१५ साली फ्रेंचांनी बेट ताब्यात घेऊन त्याला ‘फ्रान्सचे बेट’ असे नाव दिले. १७३५ साली आलेल्या ला बूर्दोने या गव्हर्नराने पोर्ट लुई बंदर बांधले. गवंडी, सुतार असे कारागीर त्याने पाँडिचेरीहून आणविले. शेतीसाठी आणि अंगमेहनतीसाठी मात्र मादागास्कर व मोझांबिक येथून माणसे विकत आणली गेली. ती माणसे म्हणजे मालमत्ता, असाच तेव्हाचा कायदा होता. हिंदुस्थानातूनही गुलाम नेण्यात आले. पुढच्या शंभर वर्षांत या बेटावर जे जे उभे राहिले त्याच्या पायात त्यांचे कष्ट आहेत.

याच फ्रेंच अमदानीत एक दूरदर्शी माणूस येथे आला. पिएर प्वाव्र हे त्याचे नाव. १७६७ ते १७७२ या काळात तो बेटाचा मुलकी कारभारी होता. डचांच्या डोळ्यांत धूळ फेकून त्याने लवंगेची आणि जायफळाची रोपे मिळविली व पाँप्लमूस येथील बागेत लावली. मसाल्यांचा मक्ता मोडणे हा त्यामागचा हेतू होता. पण त्याचे दुसरे कार्य याहून मोठे होते. झाडे तुटली की पाऊस हटतो आणि माती वाहून जाते, असे तो सांगे. १७६९ च्या नियमांन्वये प्रत्येक जमीनदाराने आपल्या जमिनीचा चौथा हिस्सा, विशेषतः डोंगरउतारावरचा, जंगल म्हणून राखला पाहिजे असे ठरविण्यात आले. जगातील वनसंरक्षणाच्या आरंभीच्या कायद्यांत याची गणना होते. बेट लहान असते, त्याच्या कडा डोळ्यांना दिसतात. म्हणूनच निसर्गाचे भांडवल संपू शकते हे सत्य खंडावरील माणसाच्या आधी बेटावरील माणसाच्या ध्यानात आले असावे.

या काळात म्हैसूरचे राज्य आणि फ्रेंचांचे हे बेट यांची जवळीक वाढली. हैदरअलीने १७६० साली आरंभलेल्या लालबागेसाठी टिपू सुलतानाने देशोदेशींची झाडे मागविली. त्यांत या बेटावरील रोपांचाही उल्लेख केला जातो. परंतु टिपूला झाडांपेक्षा शिपायांची गरज अधिक होती. १७९८ च्या जानेवारीत त्याचे वकील पोर्ट लुई येथे उतरले. त्यांचे काम गुप्त राहावे अशी टिपूची इच्छा होती. गव्हर्नर मालार्तिक याने मात्र ३० जानेवारीस उघड जाहीरनामा काढला आणि टिपूच्या मदतीसाठी स्वयंसेवकांना आवाहन केले. हाताशी लागली सुमारे शंभर माणसे. तो जाहीरनामा इंग्रजांच्या हाती पडला आणि वेलस्लीला हवे असलेले निमित्त मिळाले. १७९९ च्या ४ मे रोजी श्रीरंगपट्टण पडले व टिपू मारला गेला. एखादे राज्य केवळ एका कागदाने बुडत नाही हे खरे. तरी समुद्रापलीकडच्या त्या कागदाने म्हैसूरचे भवितव्य लवकर ठरविले, यात शंका नाही.

१८१० च्या डिसेंबरात इंग्रजांनी हे बेट जिंकले. त्यांच्या सैन्यात हिंदी शिपाईही होते. बेटाचे जुने मॉरिशस हे नाव परत आले. १८१५ पासून मुंबई आणि बंगाल इलाख्यांतील जन्मठेपेचे कैदी येथे पाठविले जाऊ लागले. रस्ते आणि पूल बांधणे हे त्यांचे काम. १८३६ साली चार्ल्स डार्विन जगप्रवासाच्या अखेरीस येथे थांबला असता त्याने या हिंदी कैद्यांना पाहिले. त्यांचे भारदस्त चेहरे पाहून तो चकित झाला, असे त्याच्या प्रवासवृत्तावरून दिसते.

१८३५ च्या १ फेब्रुवारीस बेटावरील गुलामगिरी कायद्याने संपली. साखरेला भाव चढत होता आणि मळेवाल्यांना हात हवे होते. आदल्या वर्षीच, २ नोव्हेंबर १८३४ रोजी, ‘अ‍ॅटलस’ नावाचे जहाज कलकत्त्याहून ३६ करारबद्ध मजूर घेऊन आले होते. हा करार म्हणजेच ‘गिरमिट’. पुढच्या सुमारे पाऊण शतकात साडेचार लाखांच्या आसपास हिंदी माणसे या मार्गाने मॉरिशसला आली. त्यांतील बहुसंख्य कलकत्ता व मद्रास बंदरांतून आली. मुंबईहून आलेल्यांचे प्रमाण शेकडा दहाहूनही कमी होते. हेच मराठी लोक. ते मुख्यतः रत्नागिरी-सावंतवाडीकडच्या कोकणपट्टीतून आणि घाटमाथ्यावरील काही गावांतून आलेले होते.

पोर्ट लुईच्या धक्क्यावर १८४९ साली बांधलेल्या उतारगृहाच्या पायऱ्या चढून त्यांनी या भूमीवर पाऊल ठेवले. आज ते स्थान ‘आप्रवासी घाट’ म्हणून ओळखले जाते आणि २००६ पासून जागतिक वारशाच्या यादीत आहे. तेथे प्रत्येकाला क्रमांक मिळे. नाव, बापाचे नाव, जात, गाव यांची नोंद परक्या कारकुनाच्या कानाला जशी ऐकू येई तशी होई. करार स्वखुशीचा असे, निदान कागदावर तरी. मळ्यावर एक दिवस गैरहजर राहिल्यास दोन दिवसांची मजुरी कापली जाई. गुलामगिरी आणि गिरमिट एक नव्हेत. गिरमिटाला मुदत होती आणि गुलामाला विकले जाई तसे मजुराला विकता येत नसे. मात्र ज्या बराकींतून गुलाम बाहेर पडले त्यांतच पुष्कळदा हे मजूर राहावयास गेले, हेही विसरता येत नाही.

मॉरिशसच्या उसाच्या मळ्यांत आजही काळ्या दगडांचे मोठमोठे ढीग दिसतात. नांगर चालावा म्हणून जमिनीतील दगड वेचून, फोडून, डोक्यावर वाहून हे ढीग रचले गेले. ते रचणाऱ्यांत सह्याद्रीच्या पायथ्याची माणसेही होती. घरी नाचणीच्या वावरातून ज्याने काळे धोंडे वेचले होते, त्याच्या हाती समुद्रापार पुन्हा काळाच धोंडा आला. दोन्ही धोंडे एकाच भट्टीतून निघालेले आहेत हे त्याला कोणी सांगितले नव्हते, आणि सांगण्यासारखे ज्ञानही त्या काळी कोणापाशी नव्हते.

ऊस वाढला तसे अरण्य हटले. प्वाव्रचे नियम केव्हाच मागे पडले होते. तोडलेल्या रानांतून पाणी साचू लागले, जहाजांतून हिवतापाचे डास आले आणि १८६६ ते १८६८ च्या साथीत हजारो माणसे मृत्युमुखी पडली. मळेवाले आणि सधन लोक किनारा सोडून उंच, थंड भागात गेले. मजुरांना जाण्यास जागा नव्हती. १८९२ च्या एप्रिलमधील चक्रीवादळाने पोर्ट लुई उद्ध्वस्त झाले. निसर्गाचे देणे माणूस थकवितो आणि ते वसूल होते तेव्हा ज्याने कर्ज काढले त्याच्याकडून होतेच असे नाही. या बेटावर ते बहुतेक वेळा गरिबाकडून वसूल झाले.

तरीही माणसे टिकली. मुदत संपल्यावर काही परतले, बहुतेक राहिले. त्यांनी पै पै साठवून जमिनीचे तुकडे घेतले. १९०१ साली आफ्रिकेहून स्वदेशी येत असताना गांधीजी येथे थांबले आणि मुलांना शिकवा, सार्वजनिक कामात पडा, असा उपदेश त्यांनी येथील हिंदी लोकांना केला. १२ मार्च १९६८ रोजी मॉरिशस स्वतंत्र झाले. हा दिवस दांडीयात्रेच्या आरंभाचा म्हणून मुद्दाम निवडलेला होता. गुलामांचे वंशज, मजुरांचे वंशज, चिनी दुकानदारांचे आणि फ्रेंच मळेवाल्यांचे वंशज एका राष्ट्राचे नागरिक झाले. या बेटावर मूळ रहिवासी असा कोणीच नाही. ‘आम्ही आधीचे’ असे म्हणण्याचा अधिकार तेथे फक्त डोडोला होता, आणि तो उरलेला नाही.

मराठी मंडळी संख्येने थोडी, तरी त्यांनी आपले काही सोडले नाही. हेन्रिएटा या गावी १८९६ सालापासून गणेशोत्सव होत असल्याचे सांगतात. आज गणेशचतुर्थीस सबंध देशाला सार्वजनिक सुट्टी असते. कोकणातील जाखडी नृत्य तेथे ‘झाकरी’ या नावाने जिवंत आहे. प्राथमिक शाळांतून मराठी शिकविली जाते आणि मोका येथील महात्मा गांधी संस्थेत तिचे उच्च शिक्षणही मिळते. याच संस्थेच्या दप्तरात मजुरांच्या नोंदवह्या सांभाळून ठेवल्या आहेत. त्यांतील क्रमांकांवरून आपले मूळ गाव शोधण्यासाठी त्यांचे पणतू आजही येतात. मात्र घरातली बोली आता बहुधा क्रिओल झाली आहे. मराठी उरली आहे ती आरतीत, गाण्यात आणि शाळेच्या पुस्तकात. भाषा पुस्तकात राहते तेव्हा ती सुरक्षित असते, पण वाढते ती तोंडात.

या बाबतीत बेटाच्या निसर्गाने एक दाखला घालून दिला आहे. १९७४ साली मॉरिशसच्या लहान ससाण्याचे रानात केवळ चार पक्षी उरल्याचे आढळले. जगातील सर्वांत दुर्मीळ पक्षी तो हाच, असे तेव्हा मानले गेले. हाही डोडोच्या वाटेने जाणार, असेच बहुतेकांना वाटले होते. कार्ल जोन्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी घरट्यांतील अंडी काळजीपूर्वक काढून उबविली, पिले वाढविली, पुन्हा रानात सोडली. आज त्या चारांचे शेकडो झाले आहेत. गुलाबी पारव्याची संख्या १९९० च्या सुमारास दहाच्या आसपास होती, तीही पुढे शेकड्यांवर गेली. एका लहान उपबेटावर नामशेष कासवांच्या जागी दुसऱ्या बेटावरील महाकाय कासवे आणून सोडण्यात आली. ती अबनुसाची फळे खातात व बिया दूरवर टाकतात, आणि नवी रोपे उगवतात. परकी कासवे मूळच्या अरण्याची लागवड करीत आहेत. १९९४ साली ब्लॅक रिव्हरच्या दऱ्याखोऱ्यांत राष्ट्रीय उद्यानही झाले.

धोका टळलेला नाही. २०२० च्या जुलैत ‘वाकाशिओ’ नावाचे मालवाहू जहाज आग्नेय किनाऱ्याच्या प्रवाळभित्तीवर चढले आणि पुढच्या पंधरवड्यात त्यातील तेल निळ्या खाडीत पसरले. त्या वेळी बेटावरची सारी माणसे किनाऱ्यावर धावली. उसाचे वाळलेले पाचट कापडी पिशव्यांत भरून त्यांनी तेल अडविण्यासाठी तरते बांध शिवले. ज्या उसाने या बेटाचे अरण्य खाल्ले, त्याच्याच पाचटाने बेटाचा समुद्र वाचविण्याची धडपड झाली. ते बांध शिवणाऱ्यांत कोण गुलामाचा पणतू आणि कोण मजुराचा, हे पाहण्यास कोणाला सवड नव्हती.

भूमी कोणाची, हा प्रश्न जगात सर्वत्र विचारला जातो आणि त्यापायी रक्तही सांडते. मॉरिशसच्या इतिहासाचे त्यावर एक साधे उत्तर आहे. प्रथम कोण आला याला तेथे फारसा अर्थ उरलेला नाही. डच पहिले आले, लुटून गेले, आणि त्यांचे नाव तेवढे मागे राहिले. भूमी त्यांची झाली, ज्यांनी तिचे दगड वाहिले. ती यापुढेही त्यांचीच राहील, जे तिचा ससाणा, तिचा अबनूस आणि आपल्या आजीच्या तोंडची भाषा सारख्याच काळजीने पुढच्या पिढीच्या हाती देतील. चार पक्षी उरले असताना आशा सोडावयाची नसते, हे त्या बेटाने करून दाखविले आहे.